वाशिष्ठीत होडी घालायची तर: गोवळकोट ते दाभोळ, वल्ह्याने

चिपळूणला लागून असलेल्या गोवळकोटच्या धक्क्यापासून दाभोळच्या मुखापर्यंत वाशिष्ठीची खाडी चाळीसेक किलोमीटर आहे. रस्त्याने गेलात तर ती पुलावरून दोन-चारदा डोकावते आणि पुन्हा डोंगराआड जाते. पाण्यातून गेलात की काठावरचं प्रत्येक जुनं ठिकाण नेमकं तिथेच का आहे ते उलगडतं. भरती जिथपर्यंत चढते तिथे चिपळूणची पेठ. जिथून आत येणारं प्रत्येक गलबत दिसतं तिथे अंजनवेलचा किल्ला. मधली गावं जिथे ओहोटीतही काठाला पाणी राहतं तिथे. कोकणातल्या बाकीच्या खाड्यांचंही गणित असंच आहे: सावित्रीवर वर महाड, खाली बाणकोट, अर्जुनेवर वर राजापूर, खाली जैतापूर. म्हणून वल्हं हातात घेण्याआधी भरती शिकायची. होडी चालवणं दोन दिवसांत जमतं, भरतीचा अंदाज यायला जास्त वेळ लागतो.

भरती आधी, होडी मग

दिवसात दोन भरत्या आणि दोन ओहोट्या. एका भरतीपासून पुढची भरती साधारण १२ तास २५ मिनिटांनी, त्यामुळे कालची वेळ आज सुमारे ५० मिनिटं पुढे सरकते. कोळ्यांचा जुना हिशोब सोपा आहे: तिथीला तीनने गुणा, चारने भागा, येईल तो भरतीचा तास. अष्टमीला आठ त्रिक चोवीस, भागिले चार, म्हणजे सहा वाजता पूर्ण भरती. सकाळी सहा आणि संध्याकाळी सहाच्या सुमाराला. हा हिशोब मुंबईचा. पक्षाच्या शेवटाकडे तो थोडा मागे पडतो, कारण पाऊण तासाऐवजी खरं तर तिथीला ४८ मिनिटं धरायला हवीत. पंधरा तिथींना ४८ मिनिटांनी बरोबर बारा तास होतात, म्हणजे पौर्णिमेला आणि अमावास्येला मुंबईत बाराच्या आसपास भरती.

पश्चिम किनाऱ्यावर भरती दक्षिणेकडून उत्तरेकडे सरकते. त्यामुळे दाभोळच्या मुखाशी ती मुंबईच्या अर्धा-पाऊण तास आधी येते. चढउतारही मुंबईपेक्षा कमी, उधाणाला, म्हणजे पौर्णिमा-अमावास्येच्या सुमाराला, दोन-अडीच मीटरच्या घरात. अष्टमीच्या आसपास, ज्याला किनाऱ्यावर भांगाची भरती म्हणतात, तेव्हा त्याच्या निम्म्याच्याही आत. नेमक्या वेळांसाठी भारतीय सर्वेक्षण विभागाचे भरती-ओहोटीचे तक्ते बघा. तिथीचा हिशोब तक्ता वाचताना चूक झाली आहे का हे ताडण्यासाठी ठेवा. पहाटेची वेळ संध्याकाळची म्हणून वाचली जाणं ही नेहमीची गफलत आहे आणि ती तिथीवरून लगेच पकडता येते.

आता खरी अडचण. तक्ता मुखाची वेळ सांगतो, खाडीच्या आतली नाही. भरतीची लाट आत शिरून गोवळकोटला पोचेपर्यंत तास-दीड तास जातो, कधी त्याहून जास्त. शिवाय वरच्या अंगाला भरती झटपट चढते आणि ओहोटी रेंगाळते. त्यात इथे आणखी एक भानगड आहे ती कोयनेच्या अवजलाची. पोफळी आणि कोळकेवाडीच्या वीजगृहांतून सुटलेलं पाणी वाशिष्ठीत येतं, त्यामुळे उन्हाळ्यातही नदी वाहती असते आणि वीजनिर्मिती चालू-बंद होईल तसा वरचा प्रवाह वाढतो-घटतो. अवजल जोरात असेल तर गोवळकोटपाशी भरतीचा जोर जाणवतच नाही, पाणी नुसतं फुगतं आणि थांबतं.

यावर उपाय एक काठी. निघायच्या आदल्या दिवशी दुपारी धक्क्यावर पोचा. बोटाएवढी जाड, दीड मीटर लांबीची वेताची किंवा बांबूची काठी घ्या, तिच्यावर दर दहा सेंटिमीटरला दोरा बांधा आणि धक्क्याच्या पायरीला लागून पाण्यात उभी खोचा. दर पंधरा मिनिटांनी पाणी कुठल्या दोऱ्यावर आहे ते वहीत लिहा. सोबत झाडाचं एखादं वाळलेलं पान पाण्यात टाकून ते कुठे जातं ते बघा. पाणी चढायचं थांबणं आणि प्रवाह उलटणं या दोन वेगळ्या वेळा आहेत. पाणी उतरू लागल्यावरही काही मिनिटं पान वरच जात राहतं, तर अवजल असेल तेव्हा पाणी चढत असतानाच पान खाली जातं. तुम्हाला हवी ती वेळ पानाची. ती आणि तक्त्यातली दाभोळची वेळ यांतला फरक काढलात की पुढच्या दोन-तीन दिवसांना तो पुरतो, फक्त त्या त्या दिवशीच्या तक्त्यातल्या वेळेत तो मिळवत जा. धक्क्यावर बसलेल्या एखाद्या जुन्या माणसाला "काका, सुकती (ओहोटी) कधी लागते?" एवढं विचारलंत तर उत्तर याच्या पाच-दहा मिनिटांत येईल. खाडीकाठच्या बऱ्याच गावांत कोकणी मुसलमान वस्ती आहे, तिथे काकांऐवजी चाचा.

प्रवाह सहा तास एकसारखा नसतो. एकूण चढउताराचे बारा भाग केले तर पहिल्या तासाला एक भाग, दुसऱ्याला दोन, तिसऱ्या-चौथ्याला तीन-तीन, पाचव्याला दोन आणि सहाव्याला एक. म्हणजे निम्मं पाणी मधल्या दोन तासांत जातं. वळणावर, पुलाखाली किंवा बेटाच्या बाजूच्या अरुंद पाण्यात जायचं असेल तर हे दोन तास टाळा.

वारा

हिवाळ्यात पहाटेपासून नऊ-दहापर्यंत जमिनीकडून समुद्राकडे मतलई वाहते, हलकी आणि कोरडी. अकरा-बाराला ती पडते आणि खारा वारा सुरू होतो. दोन ते पाच हा त्याचा जोराचा वेळ, फेब्रुवारीनंतर जास्तच. नुसता वारा त्रास देत नाही. ओहोटीचं पाणी पश्चिमेला चाललंय आणि वारा पश्चिमेकडून तोंडावर येतोय, अशा वेळी खालच्या रुंद पाण्यात लाटा आखूड आणि उभ्या होतात. उघड्या होडीत पाणी शिरतं ते अशाच दुपारी.

या दोन गोष्टी एकत्र मांडल्या की जुन्या गलबतांचं वेळापत्रक आपोआप समोर येतं. खाली जायचं तर पहाटेची ओहोटी आणि मतलई. वर यायचं तर सकाळी लागलेली भरती आणि पाठीवर खारा वारा. तुमचंही वेळापत्रक तेच.

कोणत्या तिथीला कुठून

गोवळकोटहून खाली दाभोळला जाणार असाल तर अष्टमी ते दशमी निवडा, पक्ष कुठलाही. अष्टमीला दाभोळला भरती पहाटे पावणेसहाच्या सुमाराला, गोवळकोटला सात-सव्वासातला. उजाडताना पाणी भरलेलं असतं, धक्क्याच्या पायरीवरून होडी सरळ उतरते आणि ओहोटी लागते. भांगाचे दिवस असल्याने प्रवाह बेताचा, नवख्यांना झेपणारा.

पण खाली जाताना ओहोटी पूर्ण सहा तास मिळत नाही, हे बहुतेकांच्या लक्षात येत नाही. मुखाशी भरती वरच्यापेक्षा दीड तास आधी सुरू होते आणि तुम्ही तिच्याकडेच चालला आहात. चार-साडेचार तासांत ती समोरून भेटते. शांत पाण्यात दोघांची होडी ताशी चार ते पाच किलोमीटर जाते, भांगाच्या ओहोटीने त्यात एक-दीडची भर. म्हणजे पहिल्या दिवशी वीस-बावीस किलोमीटर, अर्ध्या वाटेपर्यंत. मुक्काम तिथेच धरा. पुढल्या सकाळी ओहोटी ५० मिनिटं उशिरा, आणि मुख जवळ असल्याने लागायचीही लवकर.

उलट दिशेने, दाभोळहून वर, निसर्गाने दिलेली सवलत आहे. भरती तुमच्याबरोबर वर सरकते, म्हणून अनुकूल पाणी सहाऐवजी सात तासांच्या आसपास मिळतं. प्रतिपदा-द्वितीयेला दाभोळला ओहोटी सकाळी सहा-साडेसहाला संपते. तेव्हा निघालात तर उधाणाची भरती आणि अकरानंतर पाठीवर वारा. चांगला सराव असलेली जोडी एका भरतीत गोवळकोट गाठू शकते. नवख्यांनी या वाटेला जाऊ नये. उधाणात प्रवाह कांदळवनाच्या फांद्यांखाली ओढतो, आणि तिथे होडी आडवी झाली तर प्रवाहाच्या बाजूची कड खाली जाऊन ती भरते.

हंगाम नोव्हेंबर ते फेब्रुवारी. पावसाळ्यात या नदीचं नावही काढू नका. २२ जुलै २०२१ ला चिपळूण बाजारपेठ कशी बुडाली ते सगळ्यांनी पाहिलं आहे, आणि तसा पूर नसला तरी आषाढ-श्रावणात ओंडके वाहून येतात.

होडी, वल्हं, सामान

दोघांसाठी १५ ते १६ फुटांची उघडी कॅनू, तळ जवळजवळ सपाट, फायबरची किंवा जाड प्लास्टिकची. वजन ३० ते ३५ किलोच्या आसपास असावं, कारण ओहोटीत ती चिखलाच्या काठावरून दोघांना उचलावी लागते. हवेने फुगवायची होडी इथे आणू नका: कालवांच्या शिंपल्या ब्लेडसारख्या असतात, आणि दुसरं कारण मगरी, त्यांच्याबद्दल पुढे. गावातली लाकडी होडी भाड्याने मिळाली तर ती उत्तमच, पण ती जड असते आणि तिच्याबरोबर तिचा मालक घ्यावा. उलांडी, म्हणजे तोलासाठी बाजूला बांधलेलं लाकूड, लावलेली असेल तर उलटण्याची भीती कमी, मात्र अरुंद फाट्यांत शिरता येत नाही.

वल्हं जमिनीवर उभं धरलं तर मूठ हनुवटी ते नाक यांच्या मध्ये यावी. एक वल्हं जादा, होडीत आडवं बांधून, पण एका झटक्यात सुटेल अशा गाठीने. लाईफ जॅकेट अंगावर, पट्टे आवळलेले. खांद्याला धरून वर ओढलं तर ते कानापर्यंत सरकता कामा नये. सरकलं तर पाण्यात ते तोंडावर येतं. पुढच्या आणि मागच्या टोकाला प्रत्येकी पाच मीटर दोरी, आठ मिलिमीटरची, पाण्यावर तरंगणारी. शिवाय पंधरा मीटरची एक मोकळी. पाणी उपसायला पाच लिटरच्या कॅनचा तळ तिरका कापून केलेला उपसा, मुठीला दोरी बांधून. हा नसला की लोक टोपीने पाणी उपसतात.

पिण्याचं पाणी माणशी दिवसाला चार लिटर. खाडीचं पाणी खारं, गावात विहीर मिळेल पण धक्क्याजवळ असेलच असं नाही. कपडे आणि फोन झाकणाच्या निळ्या पिंपात, तळाशी मधोमध बांधून. मागचा गडी जड असावा आणि होडी मागे दोन-तीन सेंटिमीटर जास्त बुडावी. नाळ, म्हणजे होडीचं पुढचं टोक, जड झाली तर पाठीवरच्या वाऱ्यात होडी गरकन आडवी फिरते. पायात जाड रबरी तळाचे कॅनव्हासचे बूट. गमबूट नकोत, ते चिखलात अडकतात आणि पाण्यात भरतात.

आपत्कालीन क्रमांक ११२, तटरक्षक दलाचा १५५४. निघण्याआधी महाराष्ट्र सागरी मंडळाच्या बंदर कार्यालयात कळवा: किती जण, कुठून कुठे, कधी पोचणार. पोचल्यावर पुन्हा कळवा. नाहीतर संध्याकाळी कुणीतरी तुम्हाला शोधत बसेल.

वल्हवायचं कसं

दोघे विरुद्ध बाजूंना. पुढचा ताल धरतो, मागचा दिशा. नवख्यांची होडी नागमोडी जाते, कारण मागच्या माणसाच्या प्रत्येक फटक्याने नाळ त्याच्या विरुद्ध बाजूला वळते. त्यावर उपाय बाजू बदलत राहणं नाही. वल्हं कमरेमागे आलं की वरच्या हाताचं मनगट असं फिरवा की अंगठा खाली जाईल, आणि पात्याने पाणी होडीपासून थोडं बाहेर लोटा. होडी सरळ होते. हाताने खेचू नका, कमरेतून वळा. नाहीतर दुसऱ्या तासाला खांदे भरून येतात.

लाटा उठल्या की बाकावरून उतरून गुडघ्यांवर बसा. प्रवाह ओलांडताना नाळ सरळ समोरच्या काठाकडे न धरता प्रवाहाच्या उगमाकडे तिरकी धरा. होडी खेकड्यासारखी आडवी सरकत पलीकडे जाते. लाँचच्या लाटा आल्या तर नाळ त्यांच्याकडे थोडी तिरपी वळवा, आणि दोन्ही वल्ही पाण्यात ठेवा.

होडी उलटल्यावर परत चढायचा सराव आधी करायचा, तोही एखाद्या तलावात. वाशिष्ठीच्या वरच्या अंगाला तर मुळीच नाही.

मगरी, चिखल, जाळी

गोवळकोटपासून मालदोलीपर्यंतच्या पट्ट्यात मगरी आहेत आणि त्या चांगल्या मोठ्या असतात. वरचं पाणी बारमाही गोडं असल्याने त्यांना ते मानवतं. थंडीच्या सकाळी त्या ओहोटीने उघड्या पडलेल्या चिखलावर उन्हाला पडतात. लांबून चिखलाचा ओंडका वाटतो. ओंडक्याच्या पाठीवर दोन रांगांत कंगोरे दिसले की तो ओंडका नाही.

नियम थोडे आहेत, पण पाळायचेच. काठावरच्या मगरीपासून निदान पन्नास मीटर अंतर ठेवून मधल्या धारेतून जायचं. फोटोसाठी तिच्यात आणि पाण्यात होडी घालायची नाही. तिची पळवाट अडवली की ती होडीखालूनच पाण्यात उतरते. पाण्यात मगर दिसली तर थांबू नका, एकसारखं वल्हवत दूर व्हा. हातपाय बाहेर लोंबवायचे नाहीत, मासे धुवायचे नाहीत, संध्याकाळनंतर पाण्यावर राहायचं नाही. फेब्रुवारीच्या पुढे मादी अंडी घालते आणि घरट्याजवळ येणाऱ्याला खपवून घेत नाही. पहिल्यांदाच येणाऱ्यांनी, किंवा बरोबर मूल असेल तर, हा वरचा पट्टा मोठ्या यांत्रिक होडीतून बघावा आणि कॅनू मालदोलीच्या खाली घालावी. यात कमीपणा काही नाही.

चिखलाचं वेगळं. ओहोटीत काठ जवळ दिसतो, पण पाय टाकला की मांडीपर्यंत जातो. उतरायचं ते धक्क्यावर, कातळावर किंवा जांभ्याच्या बांधावरच. रुतलात तर ओढाताण करू नका. वल्हं आडवं टाकून त्यावर भार द्या, पुढे झुका, पाय हळूहळू फिरवत एक-एक सोडवा. होडीच गाळावर बसली तर सरळ बसून राहा. पाणी परत यायला काही तास लागतील, म्हणून पाणी आणि टोपी हाताशी हवी. गाळाचा उथळा आधी ओळखता येतो: वाऱ्याने सगळीकडे बारीक लाटा असताना मधेच गुळगुळीत, फिकट पट्टा दिसला तर तिथे खाली वीतभर पाणी आहे. खोल धार वळणाच्या बाहेरच्या काठाला असते. वाळू उपशाने मात्र हा नियम काही ठिकाणी मोडला आहे, तिथे अचानक खड्डे लागतात.

खुंट मारून लावलेली जाळी ओहोटीत ताणलेली असतात. बोयांच्या रांगेवरून होडी नेऊ नका, टोकाला वळसा घाला. भोई आणि खारवी यांचं पोट या जाळ्यांवर आहे, शिवाय दोरीत वल्हं अडकून उलटणं सोपं आहे.

काठावर काय पाहायचं

धक्क्याच्या डोक्यावरच गोवळकोट, म्हणजे गोविंदगड. पायथ्याशी करंजेश्वरीचं देऊळ. पाणी लागायची वाट बघत असाल तेव्हाच वर जाऊन या. बुरुजावरून नदीने घातलेला वेढा एका नजरेत येतो आणि किल्ल्याचं काम कळतं. कुंभार्ली घाटाने कऱ्हाडकडून बैलांचे तांडे माल घेऊन उतरत, इथून तो होड्यांत चढे. मीठ, नारळ, सुकी मासळी उलट दिशेने देशावर जाई. भरती इथून फार वर जात नाही, म्हणून पेठ इथे. किल्ला त्या पेठेची वखवख असणाऱ्यांना रोखायला.

अठराव्या शतकाच्या सुरुवातीला गोवळकोट आणि मुखावरचं अंजनवेल ही दोन्ही टोकं जंजिऱ्याच्या सिद्दीकडे होती. १७२७ मध्ये इथल्या सिद्दी साताने वरच्या डोंगरावरचं परशुरामाचं देऊळ उद्ध्वस्त केलं, आणि तिथले साधू ब्रह्मेंद्रस्वामी यांनी ते प्रकरण थेट साताऱ्यापर्यंत नेलं. १७३३ मध्ये मराठ्यांनी सिद्दीवर मोहीम उघडली, १७३६ मध्ये चिमाजीअप्पांनी सिद्दी साताला रणात मारलं, तरी हे दोन किल्ले सिद्दीकडेच राहिले. होडीतून आलात की याचं एक कारण दिसतं: गोवळकोटला जमिनीवरून वेढा घातला तरी नदीची बाजू उघडी, आणि नदीचं तोंड त्याच धन्याच्या हातात. १७४५ मध्ये तुळाजी आंग्र्यांनी दोन्ही घेतले. ज्याच्याकडे आरमार होतं त्यालाच ते जमलं. अंजनवेलचा गोपाळगड झाला आणि गोवळकोटचा गोविंदगड.

धक्क्याखाली थोड्याच अंतरावर कालुस्ते. त्याच्या पुढे खाजणं सुरू होतात. जांभ्याचे बांध लक्ष देऊन बघा. खारं पाणी अडवून आत भात पिकवण्यासाठी ते घातलेले. बांध फुटला की तिवरं आत शिरतात, म्हणून तिवरांच्या मधोमध दगडांची सरळ ओळ दिसली तर ते बुडालेलं शेत समजा. कांदळवनात उतरून फांद्या तोडणं किंवा चूल मांडणं गुन्हा आहे, आणि मुक्कामही तिथे नको. काठावरच्या गावात सरपंचांना किंवा देवळाच्या गुरवांना विचारा, झोपायला ओटी मिळते.

पुढे उजव्या हाताला खेडकडून येणारी जगबुडी मिळते. इथे पात्र एकदम रुंद होतं, आणि दोन प्रवाह भिडतात तिथे पाणी गोल फिरतं. संगमाच्या टोकापासून लांब, डाव्या अंगाने जा. त्यापुढचा उजवा काठ दापोलीचा. या बाजूच्या कोटजाई नदीवर, आत, पन्हाळेकाजीची २९ लेणी आहेत: आधी हीनयान, मग वज्रयान, मग नाथपंथी, एकाच डोंगरात. होडीने तिथवर जायचा हट्ट धरू नका, नदी उथळ होते. मुक्कामाच्या गावातून गाडी करा आणि अर्धा दिवस द्या.

वाटेतल्या गावांत "जुना धक्का कुठला?" हा प्रश्न विचारत चला. आगबोटींच्या काळात मुंबईहून येणारा माणूस दाभोळला उतरे आणि लहान लाँचने चिपळूणकडे येई, मधे थांबे घेत. ते थांबे आता गाळाने काठापासून तुटले आहेत. पायऱ्या असतात, त्यांच्यापुढे पाणी नसतं. निघण्याआधी मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा १८८० चा रत्नागिरी-सावंतवाडी खंड चाळा. त्यातल्या बंदरांची नावं एका कागदावर उतरवून घ्या आणि प्रत्येकासमोर आज ओहोटीत पाणी किती राहतं ते लिहा. वल्ह्यावर दहा-दहा सेंटिमीटरच्या खुणा केल्या की खोली मोजायला दुसरं काही लागत नाही. खाडी किती भरली हे अशा कागदावर जितकं स्पष्ट दिसतं तितकं कुठल्या भाषणात ऐकायला मिळत नाही.

दाभोळला लागताना

शेवटचे पाच-सहा किलोमीटर उजवा काठ सोडायचा नाही. दाभोळ उजव्या, म्हणजे उत्तर काठाला. समोर धोपावे, त्याच्या पुढे वेलदूर आणि अंजनवेल. दाभोळ-धोपावे फेरीबोट आडवी जाते, तिला थांबता येत नाही, तुम्ही थांबा. मुखाशी वाळूचा दांडा आहे. ओहोटीचं पाणी बाहेर जाताना समुद्राची लाट त्यावर आदळते, आणि तिथे उघड्या होडीला काही खरं नसतं. धक्का चुकला तर ओहोटी तुम्हाला त्या दांड्यावरच नेऊन घालेल. म्हणून धक्क्याच्या अर्धा किलोमीटर आधीच काठाला चिकटा, आणि ओहोटीचे मधले दोन तास संपल्यावरच इथे पोचाल असा हिशोब करा. अंजनवेलचा गोपाळगड होडीने गाठायचा मोह टाळा. फेरीबोटीने पलीकडे उतरा आणि रस्त्याने जा.

दाभोळमध्ये काठालगतच जुनी शाही मशीद आहे, गावात अंडा मशीद म्हणतात. सतराव्या शतकातली, आदिलशाही घडणीची. आयेशाबिबीची कथा तिथे कुणीही सांगेल. चंडिकेचं देऊळ जमिनीखालच्या गुहेत आहे, आत जाताना वाकावं लागतं. पंधराव्या शतकात अफनासी निकितिन हा रशियन प्रवासी याच बंदरातून परतीच्या जहाजावर चढला. १५०८ च्या डिसेंबरात पोर्तुगीजांचा फ्रान्सिस्को द आल्मेदा दीवच्या लढाईला जाण्याआधी इथे उतरला आणि त्याने शहर जाळलं. आज धक्क्यावर उभं राहून त्या शहराचा आकार लक्षात येत नाही, पण खाडीची रुंदी पाहिलीत की जहाजं इथे का थांबत ते कळतं.

होडी धक्क्यावर घेतल्याबरोबर गोड्या पाण्याने धुवा, पट्ट्यांची बक्कलं आणि जॅकेटच्या चेनसुद्धा, नाहीतर मीठ धरून पुढच्या वेळी उघडत नाहीत. तळाला कालवांचे ओरखडे पडले असतील तर नखाने चाचपून बघा; नख अडकलं तर तो ओरखडा वाळवून त्याच दिवशी भरून घ्या. गोवळकोटला ठेवलेली गाडी आणायची असेल तर दाभोळहून चिपळूणकडे जायला दुपारची सोय आधीच बघून ठेवा, आणि बंदर कार्यालयात पोचल्याचं कळवायचं विसरू नका.